मंडळी गप्प बसते, तरी हे प्रोटेस्टंट कसं? अँथम आणि चँट यांची गोष्ट

प्रश्न असा आहे: सोळाव्या शतकातल्या धर्मसुधारकांनी उपासनेतलं लॅटिन काढलं, पुतळे काढले, गाणं गायकांच्या कोंडाळ्यातून सोडवून मंडळीच्या, म्हणजे उपासनेला जमलेल्या लोकांच्या, तोंडी दिलं. मग इंग्लंडमधल्या कॅथीड्रलांत, म्हणजे बिशपच्या मुख्य चर्चांत, आजही संध्याकाळच्या उपासनेत झगे घातलेला गायकवृंद गातो आणि मंडळी ऐकत बसते, हे प्रोटेस्टंट कसं? अँथम आणि चँट यांत फरक काय? आणि आपल्या मराठी मंडळ्यांत या दोन्ही गोष्टी जवळजवळ ऐकूच का येत नाहीत?

मी गायकवृंद शिकवणारा आणि ऑर्गन वाजवणारा माणूस आहे, तेव्हा माझा कल कुठे असणार हे उघड आहे. तरी उत्तर सरळ देतो. अँथम आणि चँट प्रोटेस्टंट उपासनेत राहिले ते कुठल्या मोठ्या तत्त्वाच्या बळावर नाही. जिथे गायकांचा पगार, गाणाऱ्या मुलांची शाळा आणि त्या खर्चासाठी लावून दिलेल्या जमिनी शाबूत राहिल्या, तिथे ते राहिले. जिथे हा आधार गेला तिथे एका पिढीत विसरले गेले. धर्मशास्त्रातलं समर्थन बहुतेक वेळा मागाहून शोधलेलं आहे.

आधी फरक उरकून टाकू. चँट ही गद्य मजकूर गाण्याची रीत. बायबलमधल्या स्तोत्रसंहितेतली वचनं वृत्तात बांधलेली नाहीत. एक वचन पाच शब्दांचं, पुढचं पंचवीस शब्दांचं. म्हणून बहुतेक शब्द एकाच सुरावर म्हणायचे आणि अर्ध्या वचनाच्या शेवटी ठरलेल्या मोजक्या सुरांनी वळायचं. चाल तीच राहते, मजकूर बदलत जातो. अँथमचं उलट. एका विशिष्ट मजकुरासाठी, बहुधा पवित्र शास्त्रातल्याच, संगीतकाराने मुद्दाम केलेली रचना. ती तालमीशिवाय जमत नाही. तिसरा प्रकार आपल्या रोजच्या ओळखीचा, गीत: छंदोबद्ध कडवी, प्रत्येक कडव्याला तीच चाल, सगळ्यांनी मिळून गायचं. सोळाव्या शतकातलं भांडण या तिसऱ्याने पहिल्या दोघांना हुसकून लावावं का, याचं होतं.

आणि त्या भांडणात सुधारकांचं आपापसात कधीच जमलं नाही. ल्यूथर स्वतः गाणारा, ल्यूट वाजवणारा. १५२४ साली निघालेल्या पहिल्या ल्यूथरन गीतपुस्तिकेत जेमतेम आठ गीतं होती, पण त्याच वर्षी योहान वाल्टरने गायकवृंदासाठी अनेक आवाजांतल्या रचनांचं पुस्तक काढलं आणि त्याला प्रस्तावना खुद्द ल्यूथरची. १५२६ च्या जर्मन उपासनाक्रमासाठी त्याने वाल्टरला विटेनबर्गला बोलावून घेतलं आणि प्रेषितांच्या पत्रांतले आणि शुभवर्तमानातले उतारे कोणत्या सुरावटीत म्हणायचे हे बसून ठरवलं. वाल्टरची आठवण अशी की, ख्रिस्त हा कनवाळू प्रभू म्हणून शुभवर्तमानाला सहावी सुरावट, पौल गंभीर प्रेषित म्हणून पत्राला आठवी, असा ल्यूथरचा हिशेब होता. म्हणजे जुनं पठण त्याने टाकून दिलं नाही, जर्मन भाषेच्या मापाने पुन्हा बेतून घेतलं. अ‍ॅम्ब्रोजच्या लॅटिन स्तोत्राची चाल थोडी ठाकठीक करून त्याचं जर्मन गीत केलं, तेही त्याच वृत्तीने. पुढे दोनशे वर्षांनी लायपझिगमध्ये बाख जे करत होता ते याच परंपरेतलं, आणि तिथेही सेंट थॉमसची शाळा, शाळेतली गाणारी मुलं आणि नगरपालिकेने नेमलेला कँटर, म्हणजे संगीतप्रमुख, ही व्यवस्था पाठीशी होती.

झुरिकमध्ये त्याच काळात नेमकं उलटं घडलं. झ्विंग्ली हा सगळ्या सुधारकांत बहुधा सर्वांत तयारीचा वादक, बरीच वाद्यं हाताळणारा. आणि त्यानेच उपासनेतून गाणं पूर्ण बंद केलं. ग्रोसमुन्स्टरचा ऑर्गन १५२७ मध्ये मोडून काढला गेला. झुरिकच्या चर्चमध्ये गाणं परतलं ते १५९८ साली. संगीताची ताकद ज्याला सर्वांत जास्त ठाऊक त्यालाच तिची सर्वांत जास्त धास्ती, हे मला अजिबात विचित्र वाटत नाही.

कॅल्विनने मधली वाट काढली असं लोक म्हणतात. माझ्या मते ती मधली नव्हती, अगदी अरुंद होती. जिनिव्हात फक्त स्तोत्रं, तीही फ्रेंच छंदात बांधलेली, सगळ्यांनी एका सुरात, वाद्याशिवाय. मारो आणि बेझा यांनी केलेला १५० स्तोत्रांचा संच १५६२ मध्ये पुरा झाला. चालींचं बरंचसं काम लुई बुर्जुआचं. ओळखीच्या चालींत त्याने परवानगीशिवाय फेरफार केले म्हणून १५५१ च्या डिसेंबरात नगरपरिषदेने त्याला तुरुंगात टाकलं. कॅल्विनने रदबदली केल्यावर सुटला. त्या चाली मात्र जगभर गेल्या. आज शंभराव्या स्तोत्राला जी प्रसिद्ध चाल लावतात ती मुळात जिनिव्हाच्या संचातल्या १३४ व्या स्तोत्राची. चार आवाजांतल्या रचना कॅल्विनच्या लोकांनीही केल्या, पण घरी गाण्यासाठी. चर्चमध्ये ना चँट, ना अँथम.

आता इंग्लंड. खरी गोष्ट इथली आहे, कारण ‘अँथम’ आणि ‘अँग्लिकन चँट’ (अँग्लिकन म्हणजे इंग्लंडच्या चर्चचा) हे दोन्ही प्रकार इथेच घडले.

आठव्या हेन्रीने १५३६ ते १५४० दरम्यान मठ बंद केले, जमिनी ताब्यात घेतल्या. पण डरहॅम, ईली, वुस्टर, विंचेस्टर, कँटरबरी अशा ठिकाणी मठाच्या जागी नव्या घटनेचं कॅथीड्रल उभं राहिलं आणि त्या घटनेतच प्रौढ गायक किती, मुलं किती, त्यांचा शिक्षक कोण याची तरतूद झाली. साधू गेले, गायक राहिले. १५४४ मध्ये कँटरबरीचा आर्चबिशप क्रॅनमर याने इंग्रजीतली पहिली अधिकृत लिटनी (पुढाऱ्याने म्हणायची आणि इतरांनी प्रतिसाद द्यायची प्रार्थना) तयार केली आणि राजाला लिहिलेल्या पत्रात आपलं मत मांडलं की अशा गाण्यात सुरांची गर्दी नसावी, शक्य तिथे एका अक्षराला एकच सूर असावा, म्हणजे शब्द स्पष्ट आणि भक्तिभावाने गाता येतील. इंग्लिश चर्चसंगीताची पुढची शंभर वर्षं म्हणजे या एका वाक्याशी केलेली हुज्जत आहे.

१५४९ च्या जूनपासून इंग्रजी प्रार्थनापुस्तक, म्हणजे उपासनेचा छापील अधिकृत क्रम, सक्तीचं झालं आणि एका रविवारात देशभरच्या गायकांच्या पोथ्या निरुपयोगी झाल्या. मग गायचं काय? १५५० मध्ये जॉन मेरबेकने प्रार्थनापुस्तकाचा गाण्याचा भाग सुरांत बसवून छापला. विंडसरच्या सेंट जॉर्ज चॅपलचा हा ऑर्गनवादक; १५४३ मध्ये पाखंडाच्या आरोपाखाली त्याला जाळण्याची शिक्षा झाली होती, ऐनवेळी माफी मिळाली, बरोबरचे तिघे मात्र जाळले गेले. त्याच्या पुस्तकात फक्त चार प्रकारची सुरचिन्हं, एकच आवाज, अक्षराला एक सूर. क्रॅनमरच्या म्हणण्याचं इतकं आज्ञाधारक रूप दुसरं नाही. पण १५५२ मध्ये प्रार्थनापुस्तकच बदललं आणि मेरबेकचं काम दोन वर्षांत बाद झालं. ते पुन्हा गायलं जाऊ लागलं ते एकोणिसाव्या शतकात.

मेरबेकच्या शेजारी थॉमस टॅलिस ठेवून ऐका. ‘इफ यी लव्ह मी’ हे चार आवाजांतलं छोटं अँथम, शब्द योहानाच्या चौदाव्या अध्यायातले. सुरुवातीला चौघे एकदमच शब्द उच्चारतात, जणू आज्ञेचं पालन चाललं आहे. मग हळूच एक आवाज पुढे होतो, दुसरा मागून तेच म्हणतो, आणि शब्द कुठेही हरवत नाहीत. मी नव्या गायकवृंदाला पहिलं अँथम हेच देतो. अवघड काही नाही, आणि लपायला जागाही नाही.

१५५८ मध्ये एलिझाबेथ गादीवर आली आणि प्रश्नकर्त्याच्या शंकेचं खरं उत्तर तिच्या १५५९ च्या आदेशांतल्या ४९ व्या कलमात आहे. कलम सुरू होतं पैशापासून. काही चर्चमध्ये पुरुष आणि मुलं गाण्यासाठी ठेवायला पूर्वीपासून उत्पन्न लावून दिलेलं आहे. या विद्येचा ऱ्हास व्हावा अशी राणीची इच्छा नाही. म्हणून त्या उत्पन्नाला हात लावू नये. त्यानंतर संगीताचा मुद्दा येतो. प्रार्थनेचं गाणं साधं आणि वाचल्यासारखं स्पष्ट हवं. पण ज्यांना संगीताची आवड आहे त्यांच्या समाधानासाठी सकाळ-संध्याकाळच्या प्रार्थनेच्या आरंभी किंवा शेवटी उत्तमात उत्तम संगीतात बसवलेलं एखादं गीत गायला हरकत नाही, फक्त अर्थ कळला पाहिजे. अँथमला प्रोटेस्टंट इंग्लंडमध्ये मिळालेली जागा ती हीच. परवानगी, तीही कडेला. त्या कडेवर पुढची चार शतकं उभी आहेत.

ही परवानगीसुद्धा किती बारीक धाग्यावर लोंबत होती पाहा. १५६३ च्या धर्मसभेत कडव्या सुधारकांनी ठराव आणला, त्यात ऑर्गन काढून टाकावेत अशीही मागणी होती. गैरहजरांची मतं धरून ठरावाच्या बाजूने ५८, विरुद्ध ५९. एका मताने ऑर्गन वाचला.

एलिझाबेथच्या रॉयल चॅपलमध्ये, म्हणजे दरबाराच्या खास उपासनावृंदात, १२ मुलं आणि तीसेक पुरुष गायक होते आणि देशातले उत्तम संगीतकार याच पटावर. विल्यम बर्ड तर उघड कॅथलिक; प्रोटेस्टंट उपासनेला न जाण्याबद्दल दंड भरणारा माणूस प्रोटेस्टंट राणीच्या चॅपलसाठी इंग्रजी रचना करत होता. त्याच्या पिढीत एक नवा प्रकार रुजला: एकट्या आवाजाने वाद्यांच्या साथीवर वचन गायचं आणि गायकवृंदाने ते उचलून धरायचं. इंग्रजीत याला ‘व्हर्स अँथम’ म्हणतात. याचा सर्वांत नेटका नमुना ऑर्लँडो गिबन्सचा, ऑक्सफर्डच्या सेंट जॉन्स कॉलेजसाठी केलेला. यरुशलेमहून आलेले याजक बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाला विचारतात, तू कोण आहेस? एकटा गायक प्रश्नोत्तरं सांगतो आणि गायकवृंद उत्तरावर पुन्हा पुन्हा शिक्का मारतो. एका आवाजात शब्द स्वच्छ कळतात, म्हणून क्रॅनमरची अट पाळली जाते, आणि संगीतकाराला नाट्यही मिळतं. ही अक्कलहुशारी मला फार आवडते.

गावोगावच्या साध्या चर्चमध्ये यातलं काहीही नव्हतं. तिथे स्टर्नहोल्ड आणि हॉपकिन्स यांची छंदात बांधलेली स्तोत्रं, १५६२ मध्ये पूर्ण झालेली. पुढे पुढे चाल इतकी संथ झाली की एका सुरात श्वास संपावा, आणि वाचता न येणाऱ्यांसाठी कारकून एक ओळ सांगणार, मंडळी ती ओढत म्हणणार. म्हणजे इंग्लंडमध्ये सुरुवातीपासून दोन प्रोटेस्टंट संगीतं होती: कॅथीड्रलचं गद्य स्तोत्र आणि अँथम, गावच्या चर्चचं पद्य स्तोत्र. प्रश्नात जो विरोधाभास दिसतो तो या दोघांना एकच समजल्यामुळे.

पगाराच्या मुद्द्याची परीक्षा राजा आणि संसद यांच्यातल्या यादवी युद्धात झाली. १६४४ मध्ये संसदेने ऑर्गन काढण्याचा हुकूम दिला, १६४५ मध्ये प्रार्थनापुस्तकाच्या जागी नवी नियमावली आली, १६४९ मध्ये कॅथीड्रलांची मंडळं बरखास्त करून त्यांच्या जमिनी विकायला काढल्या. गायक पांगले. १६६० मध्ये राजा परत आला, जमिनी परत आल्या, पण उंच आवाजात गाणारी तयार मुलं कुठून आणणार? मॅथ्यू लॉकने लिहून ठेवलं आहे की वर्षभराहून अधिक काळ मुलांचा भाग कॉर्नेट या वाद्यावर आणि पुरुषांच्या कृत्रिम उंच आवाजात निभावून न्यावा लागला. आणि ऑक्सफर्डच्या एडवर्ड लोला १६६१ मध्ये ‘कॅथीड्रलची उपासना गायची कशी’ याची छोटी मार्गदर्शिका छापावी लागली, कारण चँट कसा म्हणायचा हे लोक विसरले होते. पंधरा वर्षं पुरली.

१६६२ च्या प्रार्थनापुस्तकात मग ती प्रसिद्ध सूचना आली की जिथे गायकवृंद आहे आणि गातात तिथे या ठिकाणी अँथम येईल. राणीच्या आदेशातली कडेची परवानगी आता छापील क्रमात बसली. त्याच पुस्तकात पत्रं आणि शुभवर्तमानाचे उतारे नव्या अधिकृत भाषांतरातून घेतले, पण स्तोत्रं मात्र कव्हरडेलच्या सोळाव्या शतकातल्या जुन्या भाषांतरातलीच ठेवली. गाणाऱ्यांच्या जिभेवर ती बसलेली होती.

दुसऱ्या चार्ल्सने फ्रान्समध्ये पाहिलेला थाट चॅपलमध्ये आणला. २१ डिसेंबर १६६२ च्या रोजनिशीत जॉन एव्हलिन कुरकुरतो की आता प्रत्येक विरामात २४ व्हायोलिनं वाजतात, हे चर्चपेक्षा दारूच्या गुत्त्याला किंवा नाटकगृहाला शोभेल. एव्हलिनचं खरंही असेल, पण त्याच चॅपलच्या मुलांतून पेलम हम्फ्री, जॉन ब्लो आणि हेन्री पर्सेल निघाले. हँडेलबद्दल लांबण लावत नाही. १७२७ च्या राज्याभिषेकासाठी केलेलं त्याचं ‘झेडॉक द प्रीस्ट’ तेव्हापासून प्रत्येक इंग्लिश राज्याभिषेकात गायलं गेलं आहे. पहिल्या दिवशी मात्र गोंधळ उडाला होता. अँथमांची गडबड झाली, संगीत सगळं बेशिस्त, असा शेरा खुद्द आर्चबिशप वेकने आपल्या प्रतीवर मारून ठेवला.

आता चँटकडे, कारण इथे लोक सर्वांत जास्त चुकतात.

जुन्या ग्रेगोरियन, म्हणजे लॅटिन उपासनेतल्या एकआवाजी, सुरावटींना चार आवाजांत बसवता बसवता सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात अँग्लिकन चँट आकाराला आला. एकेरी चँटमध्ये १० स्वरमेळ (चार आवाजांचे एकदम लागणारे सूर): पहिल्या अर्ध्या वचनाला चार, दुसऱ्याला सहा. दोन्हीकडे पहिला स्वरमेळ पठणाचा, त्यावर हवे तेवढे शब्द मावतात. आपल्याच मजकुरावर करून दाखवतो. ‘परमेश्वर माझा मेंढपाळ आहे, मला काही उणे पडणार नाही.’ पहिल्या अर्ध्यात ‘परमेश्वर माझा’ पठणाच्या सुरावर, मग ‘मेंढ’, ‘पाळ’, आणि ‘आहे’ चौथ्यावर. दुसऱ्यात ‘मला काही’ पठणाच्या सुरावर, मग ‘उ’, ‘णे’, ‘पड’, ‘णार’, आणि शेवटच्या सुरावर ‘नाही’. झालं. दुहेरी चँट म्हणजे दोन वचनांना मिळून हाच प्रकार, २० स्वरमेळ. गायकवृंदाच्या समोरासमोरच्या दोन बाजू आलटूनपालटून वचनं घेतात.

प्रार्थनापुस्तकाने १५० स्तोत्रं महिन्याच्या ३० दिवसांवर, सकाळ-संध्याकाळ वाटून दिली आहेत. पंधराव्या दिवशी संध्याकाळी ७८ वं स्तोत्र येतं, त्या पुस्तकाच्या मोजणीने ७३ वचनांचं. दुहेरी चँट ३६ वेळा पुरा म्हणायचा आणि वर अर्धा. कुठल्याही कॅथीड्रलच्या गायकाला ‘पंधरावी संध्याकाळ’ एवढंच म्हणा, चेहरा बघा. शहाणे लोक मध्ये दोन-तीनदा चँट बदलतात.

कोणता शब्द कोणत्या सुरावर पडेल हे फार काळ कुठे छापलेलंच नव्हतं. प्रत्येक कॅथीड्रलची आपली सवय, आणि सवयीचीही मोडतोड. ईलीचा ऑर्गनवादक रॉबर्ट जेन्स याने १८३७ मध्ये खुणा घातलेली स्तोत्रसंहिता छापली आणि मग अशा पुस्तकांचा पूर आला. व्हिक्टोरियन पुस्तकांनी एक खोडही लावली: पठणाचे शब्द घाईघाईने उरकायचे आणि वळणाच्या आधीच्या शब्दावर जोराने आदळायचं. विसाव्या शतकात ती खोड मोडण्यासाठी बोलण्याच्या लयीवर आधारलेल्या खुणा आल्या. सिडनी निकल्सनची १९३२ ची पॅरिश साल्टर (साल्टर म्हणजे गाण्यासाठीची स्तोत्रसंहिता) ही त्यातली सर्वांत वापरायला सोपी. माझा नियम एकच: सूर लावायच्या आधी सगळ्यांनी मजकूर एकत्र मोठ्याने वाचायचा, आणि गाताना तीच लय ठेवायची. पठणाचा सूर हा पळायचा रस्ता नव्हे. अर्थ तिथेच असतो.

एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला कॅथीड्रलांची अवस्था लाजिरवाणी होती. सॅम्युएल सेबॅस्टियन वेस्लीने हेरफर्डमध्ये इस्टरसाठी ‘ब्लेसेड बी द गॉड अँड फादर’ लिहिलं तेव्हा त्याच्या हाताशी मुलं आणि एकच बेस, म्हणजे खर्जाचा, गायक होता. बाकीचे आलेच नाहीत. म्हणून त्यात मुलांच्या एकट्या आवाजाचा तो सुंदर मधला भाग आहे, असं समजायला जागा आहे. १८४९ मध्ये त्याने कॅथीड्रल संगीतावर पुस्तिका लिहून डीन आणि कॅनन या कॅथीड्रलच्या कारभाऱ्यांना झोडपलं, आणि मुद्दा पुन्हा तोच, गायक पुरेसे नेमा आणि त्यांना नीट पगार द्या.

अँथम गावच्या चर्चमध्ये पोहोचलं ते या काळात, आणि कारणं अगदी व्यवहारी. १८४१ मध्ये लीड्सच्या पॅरिश चर्चने कॅथीड्रलसारखा झगेवाला गायकवृंद उभा केला, पुढच्याच वर्षी वेस्ली तिथे ऑर्गनवादक झाला, आणि बाकीच्यांनी नक्कल सुरू केली. नोव्हेलो या प्रकाशनाने छोट्या आकारातली स्वस्त संगीतपत्रं काढली. १८४४ पासून निघालेल्या त्यांच्या ‘म्युझिकल टाइम्स’च्या अंकाबरोबर एक रचना मिळायची. सेरा ग्लोव्हर आणि जॉन कर्वेन यांच्या टॉनिक सोल-फामुळे, म्हणजे डो-रे-मीच्या अक्षरांत सूर लिहिण्याच्या पद्धतीमुळे, पाच रेषांवरचं स्वरलेखन न वाचणारा गिरणी कामगारही टेनरची (पुरुषांच्या वरच्या आवाजाची) ओळ गाऊ लागला. या घाऊक मागणीसाठी लिहिलेल्या अँथमांपैकी बरीचशी, स्पष्ट सांगतो, आज गाण्यालायक नाहीत. स्टेनर, स्टॅनफर्ड, पॅरी यांची चांगली पानं टिकली तेवढी पुरेत.

इंग्लंडच्या चर्चमध्ये जुने विधी परत आणू पाहणाऱ्या ऑक्सफर्ड चळवळीने दुसरीकडून ग्रेगोरियन पठण परत आणलं. टॉमस हेल्मोरने १८४९ मध्ये इंग्रजी स्तोत्रं त्या सुरावटींत बसवून छापली. या धाग्याचं एक टोक आपल्याकडे आहे. वाँटेजच्या ज्या भगिनीमंडळात पंडिता रमाबाई १८८३ मध्ये राहिल्या आणि तिथेच त्यांचा बाप्तिस्मा झाला, ते मंडळ पुढे जी. एच. पामर यांच्याबरोबर इंग्रजी पठणसंगीताचं मोठं केंद्र बनलं. याच मंडळाच्या भगिनी १८७७ पासून पुण्यात काम करत होत्या.

मग मराठी मंडळ्यांत चँट का नाही? कारण इथे सुवार्ता आणणाऱ्यांपैकी बहुतेक जण चँटवाले नव्हतेच. १८१३ मध्ये मुंबईत आलेलं आणि १८३१ पासून अहमदनगरात रुजलेलं अमेरिकन मराठी मिशन काँग्रिगेशनल, म्हणजे प्रत्येक मंडळी स्वतंत्र मानणारं. त्यांच्याकडे ठरलेलं प्रार्थनापुस्तक नाही, कॅथीड्रल नाही, लावून दिलेलं उत्पन्न नाही. स्कॉटिश मिशन प्रेस्बिटेरियन, जिनिव्हाच्या वळणाचं. त्यांच्या मायदेशी स्कॉटलंडच्या राष्ट्रीय चर्चमध्ये ऑर्गनला १८६० च्या दशकापर्यंत मज्जाव होता. अँग्लिकन मिशन नगर जिल्ह्यात आलं ते नंतर. मुंबईत मात्र इंग्रजीतून सगळं होतं: सेंट थॉमस चर्च १७१८ मध्ये उघडलं, १८३७ मध्ये कॅथीड्रल झालं, आणि तिथे गायक मुलं हवीत म्हणून १८६० मध्ये सुरू झालेल्या शाळेतून आजची कॅथीड्रल शाळा उभी राहिली. पुन्हा पगार आणि शाळा! ती सोय मराठी मंडळ्यांसाठी कोणी केली नाही.

त्याऐवजी जे झालं ते कमी दर्जाचं होतं असं मी कधीच म्हणणार नाही. इंग्रजी चालींवर ओढूनताणून बसवलेली भाषांतरित गीतं गाणाऱ्या मंडळीला १८९५ मध्ये ख्रिस्ती झालेल्या नारायण वामन टिळकांनी अभंग आणि पदं दिली. कृष्णराव सांगळ्यांनी गीतं दिली, कीर्तन दिलं. आणि कीर्तनात मंडळी काय करते? बसते, ऐकते, ठरल्या जागी साथ देते. ते ऐकणं उपासना नाही असं नगरचा कोणी म्हणणार नाही. अँथम ऐकताना मंडळी काय करते याचं यापेक्षा चांगलं उत्तर माझ्याकडे नाही. १९७० मध्ये नागपुरात उत्तर भारताची मंडळी स्थापन झाली, अँग्लिकन आणि इतर परंपरा एका छताखाली आल्या, आणि सगळ्यांना जमणारी गोष्ट म्हणून गीतं आणि भजनं पुढे राहिली. मिझोराम आणि खासी टेकड्यांत वेल्श मिशनऱ्यांनी टॉनिक सोल-फा शिकवला, म्हणून तिथल्या खेड्यात आजही चार आवाज सहज उभे राहतात. फरक शिकवण्याचा आहे, गळ्याचा नाही.

मराठीत चँट करून बघायचा असेल तर एक अडचण आधीच सांगून ठेवतो. अँग्लिकन चँट इंग्रजी वाक्याच्या मापाचा आहे. तिथे वजनदार शब्द पुष्कळदा शेवटी येतो आणि वळण त्यावर संपतं. मराठी वाक्य क्रियापदावर संपतं, त्यामुळे प्रत्येक वचनात शेवटचा लांब सूर ‘आहे’, ‘नाही’, ‘होतो’ यांच्या वाट्याला येतो. तो जोरात धरला की ऐकायला हास्यास्पद होतं. म्हणून शेवट खाली उतरणारा चँट निवडा, शेवटचा सूर सोडून द्या, आणि वजन ‘मेंढपाळ’सारख्या शब्दावर, वळणाच्या आत ठेवा. जोडाक्षरं फोडू नका. ‘परमेश्वर’ हा बोलताना जसा येतो तसाच गायला हवा. दुहेरी चँटच्या वाटेला पहिल्यांदा जाऊ नका, एकेरी पुरे. चार आवाज नसतील तर सगळ्यांनी वरची ओळ एका सुरात घ्यावी, बाकीचं ऑर्गन किंवा पेटी सांभाळेल. स्तोत्रं निवडताना २३, १२१, १३० ही घ्या, वचनं आखूड आणि दोन्ही अर्धे साधारण समान. तेवढाही धीर होत नसेल तर ११७ वं स्तोत्र अवघं दोन वचनांचं आहे. पहिल्या रविवारी तेवढंच गा.